वैऱ्याची वास्तपुस्त

एक एकर म्हणजे चाळीस गुंठे आणि एक गुंठा म्हणजे ३३ फूट गुणिले ३३ फूट, हे ज्याला पाठ नाही त्यानं खेड्यात वैर करण्याच्या भानगडीत पडू नये. हिशेब असा असतो. तीनशे फूट लांबीचा सामाईक बांध शेजाऱ्यानं नांगरताना वीतभर, म्हणजे नऊ इंच, टोकरला. जमीन गेली सव्वादोनशे चौरस फूट. एकराचा एकशेचौऱ्याण्णवावा हिस्सा म्हणा. एकरी आठ क्विंटल ज्वारी पिकते असं मोठ्या मनानं धरलं, तर या पट्टीतून वर्षाला चार किलो ज्वारी निघते. धडधाकट खाणाऱ्या घरात तेवढ्याच्या भाकऱ्या दोन दिवसही पुरत नाहीत.

या चार किलोंसाठी मोजणी येते. ती मान्य होत नाही म्हणून निमताना मोजणी येते. तीही मान्य होत नाही म्हणून सुपर निमताना येते, जिचं नाव ऐकूनच खरं तर दोघांनी हसून समझोता करायला हवा. पण त्या वेळी हसण्याच्या मनःस्थितीत कुणीच नसतं. मग कोर्ट, मग वकील, मग तारीख. वादी जातो, त्याचे वारस दाखल होतात. प्रतिवादी जातो, त्याचेही होतात. नातू तारखेला जाताना पाच किलो ज्वारीच्या किमतीचा वडापाव-चहा करून येतो. हे सगळं एखाद्या अर्थशास्त्रज्ञाला दाखवलं तर तो म्हणेल, ही माणसं वेडी आहेत. त्याचं काही चुकत नाही. फक्त त्याला बांध नसतो.

आमच्या आजोळी असे दोन चुलतभाऊ होते. थोरल्याला गाव आबा म्हणायचं, धाकट्याला तात्या. बोलणं बंद. कधीपासून बंद, हे जो तो वेगळं सांगायचा, त्यामुळे ते फार जुनं असणार एवढंच कळायचं. पण या अबोल्यात तात्यांना आबांविषयी जी माहिती होती ती आबांच्या बायकोलाही नसेल. आबांच्या विहिरीवरची मोटर पहाटे किती वाजता सुरू झाली, लासलगावला कांद्याला काय भाव मिळाला, थोरल्या पोराचं लग्न कुठं जमत होतं आणि ते कुणी मोडलं (हे शेवटचं तर तात्यांना फारच खात्रीलायक माहीत होतं), गुडघा उजवा दुखतो की डावा. तात्यांचा सख्खा भाऊ नाशिकला राहायचा. त्याला मुलं किती, असं विचारलं की तात्या आधी आठवत बसायचे.

आबांचं हर्नियाचं ऑपरेशन झालं तेव्हा तात्या सैरभैर झाले. थेट चौकशी करायची सोय नाही. मग एसटी स्टँडवर उभं राहायचं आणि तालुक्याहून उतरणाऱ्या ओळखीच्या माणसाला गाठून विचारायचं, "काय, मिटली का कटकट एकदाची?" शब्द वैऱ्याचेच. पण विचारताना चेहरा असा की समोरचा न चुकता सांगायचा, "नाही हो तात्या, बरे आहेत. परवा सोडणारेत." त्यावर तात्या "हॅट्" म्हणायचे, घरी जायचे आणि व्यवस्थित जेवायचे.

द्वेष हे आळशी माणसाचं काम नव्हे, असं मला तेव्हापासून वाटत आलं आहे. प्रेम करणाऱ्याला विसरण्याची मुभा असते. बायकोचा वाढदिवस विसरलात तर थोडी धुसफूस होते, संध्याकाळी बाहेर जेवायला नेलं की निभावतं. वैऱ्याला ही सवलत नाही. १९८७ सालच्या बारशात कुणी कुणाला 'बसा' म्हटलं नाही, हे त्याला आजही तिथल्या सतरंजीच्या रंगासकट आठवावं लागतं. एक अपमान विसरला की पुढच्या सगळ्यांचा आधार सुटतो. वैर ही पूर्ण वेळची नोकरी आहे आणि तिला निवृत्तीचं वय नाही.

या नोकरीसाठी माणूस जवळचाच लागतो. कॅलिफोर्नियाच्या दक्षिण भागातल्या एका गृहसंकुलात एबेसन आणि त्याच्या सहकाऱ्यांनी केलेला एक अभ्यास १९७६ साली प्रसिद्ध झाला. रहिवाशांना विचारलं होतं की इथं तुम्हाला कोण आवडतं, कोण आवडत नाही. आणि मग ती घरं किती अंतरावर आहेत ते पाहिलं. मित्र जवळपास राहणारे निघाले, यात नवल नव्हतं. नावडती माणसं त्याहूनही जवळ राहणारी निघाली. कारण साधं आहे. मैत्रीसाठी माणूस दोन इमारती ओलांडून जाईल, पण वरच्या मजल्यावरच्या कुंड्यांचं पाणी दोन इमारती ओलांडून आपल्या वाळत घातलेल्या चादरीवर येत नाही. आपलं जगणं बिघडवायला माणूस हाताच्या अंतरावर असावा लागतो. पुण्यातल्या कुठल्याही सोसायटीच्या सेक्रेटरीनं हा निष्कर्ष चहाचा कप खाली ठेवायच्या आत सांगितला असता, पण त्याला संशोधनाचं अनुदान कोण देणार?

फ्रॉइडनं तर राष्ट्रांबद्दलही हेच म्हणून ठेवलं आहे. स्पॅनिश आणि पोर्तुगीज, इंग्लिश आणि स्कॉटिश, म्हणजे ज्यांची कुंपणं एकमेकांना लागून आहेत आणि ज्यांच्यात फरक करायला भिंग लागतं, तेच एकमेकांची सर्वांत जास्त टर उडवतात. लहानसहान फरकांचा अहंकार, असं त्यानं त्याला नाव दिलं. आपल्याकडे पुरणात गूळ घालावा की साखर, पोळी दुधाबरोबर खावी की तुपाबरोबर, यावरून सासर-माहेरात जन्मभराची अढी बसलेली मी पाहिली आहे. कोरियातले लोक पुरणच घालत नाहीत, याचा मात्र आजवर एकाही मराठी माणसाला राग आलेला नाही.

जवळच्या वैराचा अस्सल नमुना देहूत होऊन गेला. महिपतीबुवांनी तुकोबांच्या चरित्रात सांगितलेली ती मंबाजी गोसाव्याची गोष्ट. तुकोबांच्या घरची म्हैस मंबाजीच्या बागेत शिरली आणि झाडं तुडवून आली. मंबाजीनं काटेरी कुंपण घातलं होतं, ते विठोबाच्या देवळाच्या प्रदक्षिणेच्या वाटेवर आलेलं. एकादशीला लोकांच्या पायात काटे जातील म्हणून तुकोबांनी ते बाजूला केलं आणि मंबाजीनं त्याच काट्यांच्या फांद्यांनी तुकोबांना मारलं. आता नुसता मुद्देमाल पाहा: म्हैस, कुंपण, वाट. तहसील कचेरीत आज ज्या फायली धूळ खात पडल्या आहेत त्यांतल्या कित्येकींचा ऐवज हाच. मामलेदार कोर्टाचा कायदा १९०६ चा, म्हणजे तुकोबांनंतर अडीचशे वर्षांनी आला. नाहीतर त्या एकादशीला देहूत एखादा रस्ता-अडवणुकीचा दावा नक्की दाखल झाला असता, आणि मंबाजी जिंकलाही असता.

मला मात्र त्या गोष्टीतली पुढची जागा जास्त आवडते. रात्री कीर्तनाला मंबाजी दिसेना, तेव्हा तुकोबा स्वतः त्याच्या घरी गेले, मारून मारून त्याचे हात दुखले असतील म्हणून त्याचं अंग चेपलं आणि त्याला कीर्तनाला घेऊन आले. कीर्तनकार इथे क्षमेवर थांबतात, आणि थांबावंच. पण आमचं लक्ष भलतीकडे जातं. मंबाजी दिसला नाही हे लगेच ध्यानात आलं, याचा अर्थ तो रोज येत होता! ज्याचं नाव काढलं तरी तिडीक उठायची, त्याचं कीर्तन हा माणूस नेमानं ऐकत बसायचा. ठरलेल्या जागेवर बसत असणार. कुठला अभंग कुठे रंगला, कुठे टाळकरी चुकला, हे त्याच्याइतकं कुणाला कळत असेल असं वाटत नाही. भक्तांना पाऊसपाणी, पाहुणेरावळे, अंगदुखी असतं. ते चार दिवस गैरहजर राहतात. इतका पक्का श्रोता वैऱ्यांतच मिळतो.

पण वीतभर बांध पुरुषभर वैरापर्यंत वाढतो कसा? याचं एक उत्तर लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात बोटांवर मोजून काढलेलं आहे. २००३ मध्ये सुखविंदर शेरगिल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 'सायन्स' या नियतकालिकात हा प्रयोग छापला. दोन माणसं समोरासमोर बसवली. एका यंत्रातून आळीपाळीनं एकानं दुसऱ्याच्या बोटावर दाब द्यायचा. प्रत्येकाला सांगितलेलं एवढंच, की तुला जेवढा दाब जाणवला, बरोबर तेवढाच परत दे. कमी नको, जास्त नको. समोरच्याला काय सांगितलंय ते दोघांनाही ठाऊक नाही. दोघंही सालस, भांडायचं काही कारण नाही, जमीनजुमला तर नाहीच. तरी दर पाळीला दाब सरासरी ३८ टक्क्यांनी वाढत गेला. चक्रवाढीनं मांडून पाहा: पाच पाळ्यांत पाचपट.

त्यांच्या मते यात लबाडी कुणाचीच नव्हती. आपण स्वतः केलेल्या हालचालीचा स्पर्श मेंदूला आधीच माहीत असतो, म्हणून तो त्यातून वजा करून टाकतो. स्वतःला गुदगुल्या होत नाहीत त्या याचमुळे. आपण दिलेला धक्का म्हणून आपल्याला हलका वाटतो आणि दुसऱ्याचा पुरेपूर लागतो. एकमेकांचे केस धरून आईपुढे उभी राहिलेली दोन पोरं जेव्हा "मी नुसता हात लावला, यानं फाडकन मारलं" असं एका सुरात ओरडतात, तेव्हा ती दोन्ही पोरं खरं बोलत असतात. आई दोघांनाही एकेक ठेवून देते. शास्त्रीयदृष्ट्या तिलाही तो हलकाच वाटतो.

बोटांवरचा हा नियम बोलण्याला लावायला शास्त्रज्ञ बिचकतील. मी बिचकत नाही. "मी आपलं सहज म्हटलं" हे वाक्य ज्यानं म्हटलेलं असतं त्याला ते खरोखर सहजच म्हटल्यासारखं वाटत असतं. जाऊबाई आल्यावर "या, वाट चुकलात वाटतं?" हे बोलणारीच्या मापानं चिमटीएवढं असतं. ऐकणारी ते पुरेपूर मोजून घेते आणि प्रामाणिकपणे तेवढंच परत करते: "वाट नाही चुकले हो, पत्ताच कुणी दिला नव्हता नव्या फ्लॅटचा." आता हे तिच्या दृष्टीनं बरोबरीचं झालं. पहिलीच्या दृष्टीनं तिच्या विनोदाला थोबाडीत मिळाली. दिवाळी येईपर्यंत पाच पाळ्या सहज होतात.

सरकारला हे गणित ठाऊक असावं, कारण ते अधूनमधून मध्ये पडतं. १५ ऑगस्ट २००७ ला आर. आर. पाटील गृहमंत्री असताना तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली. गावोगाव तंटामुक्ती समित्या आल्या आणि समितीचा अध्यक्ष कोण, यावरून काही गावांत नवे तंटेही झाले, पण ते व्हायचंच. मला जास्त गंमत वाटते ती २०२३ च्या जानेवारीतल्या 'सलोखा' योजनेची. तुझ्या नावची जमीन मी कसतोय आणि माझ्या नावची तू, असं किमान बारा वर्षं चालू असेल तर दोघांनी मिळून अदलाबदलीचा दस्त करावा. मुद्रांक शुल्क हजार रुपये, नोंदणी फी हजार रुपये, विषय संपला. बारा वर्षं एकमेकांच्या जमिनीत घाम गाळून वर वैर धरणारी माणसं या राज्यात एवढी आहेत की त्यांच्यासाठी शासन निर्णय काढावा लागतो! आबा-तात्या तोवर राहिले नव्हते. त्यांच्या पोरांनी अडीच तासांत काम उरकलं, रजिस्ट्रार कचेरीच्या दारात फोटो काढला. आता दोन घरांत वैर नाही. जाणंयेणंही नाही. परवा आबांच्या मुलाला मी तात्यांच्या मुलाची तब्येत विचारली, तर तो म्हणाला, "का, काय झालंय त्याला?"

द्वेषाला निदान काहीतरी घडावं लागतं. म्हैस तरी सुटावी लागते. संशय त्याच्याही पुढचा. १९४४ साली अमेरिकेत फ्रिट्झ हायडर आणि मारियान सिमेल यांनी एक छोटीशी फिल्म तयार केली. तिच्यात पात्रं तीन: एक मोठा त्रिकोण, एक छोटा त्रिकोण, एक छोटं वर्तुळ. शिवाय उघडझाप होणारा एक चौकोन. ती तिन्ही इकडून तिकडे सरकतात, आत जातात, बाहेर येतात, बस्स. ही फिल्म ३४ जणांच्या एका गटाला दाखवून 'काय पाहिलंत ते लिहा' म्हटलं, तर एक व्यक्ती सोडून बाकी सगळ्यांनी सजीवांची कहाणी लिहिली. त्यात मोठा त्रिकोण बहुतेकांना दांडगट वाटला, वर्तुळ बिचारं घाबरलेलं होतं, धाकट्या त्रिकोणाचं आणि वर्तुळाचं काहीतरी होतं. त्या एका व्यक्तीविषयी मला अपार आदर आहे. अशी माणसं लग्नात पोटभर जेवतात, आहेर देतात आणि कुणी कुणाकडे कसं पाहिलं हे न कळता घरी येऊन झोपतात.

आपण उरलेल्या तेहतिसांतले. आपल्याला त्रिकोणही लागत नाही. निरोपापुढे उमटलेल्या दोन निळ्या खुणा पुरतात. वाचलं आहे, उत्तर नाही. वाचलं आहे आणि गटावर दुसऱ्या कुणाला तरी अंगठा दाखवला आहे. इथून पुढे त्या माणसाचं मन आपण आतून पाहू लागतो, आणि तिथे आपल्याविषयी काय काय चाललंय ते आपल्याला स्वच्छ दिसतं. खुद्द तो माणूस त्या वेळी गॅस सिलिंडरवाल्याशी बोलत असतो.

मनाच्या या उद्योगात जगातल्या मोठमोठ्या विचारवंतांनी नाव काढलेलं आहे. रूसोची गोष्ट घ्या. १७६२ मध्ये त्याच्या पुस्तकांवरून पॅरिसमध्ये अटकेचा हुकूम निघाला, तो स्वित्झर्लंडच्या डोंगरात गेला, तिथे १७६५ च्या सप्टेंबरात रात्री लोकांनी त्याच्या घरावर दगड मारले. म्हणजे त्याच्यामागे लोक लागले होते हे काही खोटं नव्हतं. संशयी माणसाचं दुर्दैव हेच असतं, की त्याचं अधूनमधून खरं निघतं. तशात डेव्हिड ह्यूम त्याच्या मदतीला धावला. ह्यूम म्हणजे अंगानं आणि स्वभावानं भरलेला, कुणाशी सहसा न भांडणारा तत्त्वज्ञ. १७६६ च्या जानेवारीत त्यानं रूसोला लंडनला आणलं, राहण्याची सोय शोधली, राजाकडून वर्षाला शंभर पौंडांच्या पेन्शनीची खटपट चालवली.

रूसोची टिपणं तिथून सुरू होतात. प्रवासात रात्री ह्यूम झोपेत बरळला आणि त्या बरळण्यात रूसोचं नाव होतं. ह्यूमनं आपल्याकडे फार वेळ एकटक पाहिलं. पत्रं फोडलेली वाटतात. स्टॅफर्डशरमधल्या वूटनच्या घरी जायला तिथल्या यजमानानं भाड्याची गाडी करून दिली आणि पाहुण्याच्या खिशावर भार नको म्हणून 'ही परतीची गाडी रिकामीच चालली होती' अशी थाप मारली. आपल्याकडे कुठल्याही भल्या माणसानं असंच केलं असतं. रिक्षाचे पैसे आधीच देऊन 'हा आमच्याच बाजूला चाललाय' म्हणणारे यजमान आपण पाहिलेले आहेत. रूसोला थाप कळली आणि त्यावरून त्या रात्री ह्यूमशी जुंपली. मग रूसो एकदम ह्यूमच्या गळ्यात पडून रडू लागला. ह्यूम गोंधळला. युरोपभर गाजलेला, बुद्धीनं भल्याभल्यांना गार करणारा हा माणूस अशा वेळी करायचं काय ते न कळून त्याची पाठ थोपटत राहिला. रूसोनं तेही लक्षात ठेवलं: खरा मित्र असता तर नुसती पाठ थोपटली असती का?

त्याच सुमारास होरेस वॉलपोल या इंग्लिश लेखकानं प्रशियाच्या राजाच्या नावानं रूसोची टवाळी करणारं एक खोटं पत्र लिहिलं. एप्रिलमध्ये ते लंडनच्या वर्तमानपत्रात छापून आलं. रूसोनं ठरवलं, यामागे ह्यूम. ह्यूमनं विचारलं, माझा गुन्हा तरी सांग. त्यावर १० जुलैला रूसोनं भलंथोरलं पत्र पाठवलं, त्यात झोपेतल्या बरळण्यापासून पाठ थोपटण्यापर्यंत सगळा पुरावा क्रमवार लावलेला. ते वाचून शांत ह्यूमचाही तोल गेला आणि त्यानं सगळा पत्रव्यवहार पुस्तिका करून छापला. म्हणजे रूसोनं ज्याचा संशय घेतला होता, की हा माझी चारचौघांत बेअब्रू करणार, ते अखेर ह्यूमनं करून दाखवलं. कुणी सतत संशयानं पाहत राहिलं की सज्जन माणसालाही कधी तरी त्या नजरेप्रमाणे वागावंसं वाटतं. नोकरीतल्या वरिष्ठांनी आणि सुनेच्या कपाटाला रोज नजर लावणाऱ्या सासूनं हा भाग पुन्हा वाचावा.

पुढे दहा वर्षांनी रूसोनं आपली बाजू मांडणारं एक पुस्तक लिहिलं. माणसांवर विश्वास उरला नव्हता, म्हणून ते थेट देवाच्या हवाली करायचं ठरवलं. २४ फेब्रुवारी १७७६ ला हस्तलिखित घेऊन तो पॅरिसच्या नोत्र दाममध्ये गेला, तर वेदीकडे जाणारं जाळीचं दार बंद. क्षणभर त्याला वाटलं, देवसुद्धा त्यांना सामील आहे!

यात दुःख आहेच. पण नीट पाहिलं तर त्या दुःखाच्या पोटात एक मोठा मान दडलेला आहे. फ्रान्सचे मंत्री, प्रशियाचा राजा, लंडनची वर्तमानपत्रं, एक तत्त्वज्ञ, एक भाड्याची गाडी आणि परमेश्वर, एवढे सगळे आपापली कामं टाकून एका माणसाच्या मागे! संशयी माणूस जगाला वाईट समजतो असं आपण म्हणतो. तो जगाला त्याहून जास्त रिकामटेकडं समजतो. आपल्याविरुद्ध कट करायला लोकांना वेळ आहे, ही कल्पना किती सुखाची आहे! कट करायचा म्हणजे बैठक घ्यावी लागते, कामं वाटून द्यावी लागतात, गुप्तता पाळावी लागते. सोसायटीच्या वार्षिक सभेला गणसंख्या जमवताना ज्यांच्या नाकी नऊ येतात, ती माणसं आपल्याविरुद्ध मात्र बिनबोभाट एकत्र येतात, असं मानायला बरीच श्रद्धा लागते.

ही श्रद्धा फक्त विचारवंतांची नाही. २००८ मध्ये लंडनला डॅनियल फ्रीमन यांनी २०० साध्यासुध्या माणसांना डोळ्यांवर आभासी दृश्याचं यंत्र चढवून भुयारी रेल्वेचा चार-पाच मिनिटांचा प्रवास घडवला. डब्यातले प्रवासी संगणकानं काढलेले, मुद्दाम ना मित्र ना शत्रू असे. बऱ्याच जणांना ते चांगले किंवा अलिप्त वाटले. पण ४० टक्क्यांहून अधिक लोकांच्या मनात एकदा तरी संशय आलाच: हा माझ्याकडे रोखून पाहतोय, ती मला हसली. चित्रं होती हो ती! आपल्याकडे ठाण्याहून सकाळी ८ च्या लोकलला हा प्रयोग करण्यात अर्थ नाही. तिथे कुणी कुणाला दिसतच नाही. ज्याचं कोपर बरगडीत रुतलंय त्याच्या हेतूविषयी विचार करायला श्वास शिल्लक राहत नाही. गर्दीनं माणसाला त्रास होतो, पण महत्त्व मात्र वाटत नाही.

हे महत्त्व वाटणं नेहमीच हसण्यावारी नेता येत नाही. ग्रामपंचायतीच्या निवडणुकीच्या दिवसांत उंबऱ्यासमोर लिंबू दिसलं की घरच्यांचे चेहरे उतरतात. लिंबू बाजारातून येताना कुणाच्या पिशवीतून पडलेलं असतं, पण त्याला हळदकुंकू आपली नजर लावते. मग घरातलं दुखणं, आटलेली म्हैस, पोराचं नापास होणं सगळं त्या लिंबाच्या खाती जातं, आणि खातं मिटवायला कुणीतरी बाई लागते. एकटी, म्हातारी, जिच्या बाजूनं बोलणारं कुणी नाही अशी. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात अशा अंधश्रद्धांविरुद्ध लढणाऱ्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला. त्यानंतर त्याच वर्षी महाराष्ट्राला जादूटोणाविरोधी कायदा मिळाला, आणि एखादीला चेटकीण ठरवून छळणं हा त्यात गुन्हा आहे. लिंबू उचलून सरबत करून पिणारी माणसं दाभोलकरांच्या चळवळीनं गावोगाव तयार केली. समाजसुधारणेचा याहून गोड मार्ग मला माहीत नाही.

मात्र कायदा आणि सरबत दोन्ही जिथे पोहोचत नाहीत असा एक प्रांत उरतोच: लग्नपत्रिका. पत्रिकेत निमंत्रक असतात, प्रेषक असतात, व्यवस्थापक असतात, आणि तळाला 'आमच्या ताईच्या लग्नाला यायचं हं' म्हणणारी, अजून बोलताही न येणारी किलबिल असते. एवढ्या गर्दीत आपलं नाव कुणाच्या खाली आलं, कुणाच्या वर आलं, 'सौ.' राहिलं का, यावर माणसं लग्न लागेपर्यंत आणि लागल्यानंतरही विचार करत असतात. आमच्या एका चुलत आत्याचं नाव पुतण्याच्या मुलीच्या पत्रिकेत राहून गेलं. आत्या लग्नाला आल्या, पण पाण्याशिवाय कशाला शिवल्या नाहीत. महिनाभर नातेवाईकांत तर्क चालले. जुन्या वाटणीवरून असेल. पाटल्यांवरून असेल. सुनेनं कान भरले असतील. आत्यांकडे तर पुतण्याच्या मनातल्या कटाचा सगळा नकाशाच तयार होता, त्यात तीन घरं आणि एक वकील सामील होते.

शेवटी पुतण्या बिचारा पेढे घेऊन आला आणि खरं ते सांगून मोकळा झाला. "आत्या, शप्पथ सांगतो, मनात काही नव्हतं. छापखान्यात मजकूर मावेना, तर त्यांनी शेवटची ओळ काढली. आमच्या कुणाच्या लक्षातच आलं नाही."

आत्यांचा चेहरा पडला. इतका वेळ त्या रागावलेल्या होत्या, आता दुखावल्या.

"लक्षातच आलं नाही?" त्या म्हणाल्या. "अरे, मुद्दाम गाळलं असतं तर मी समजून घेतलं असतं. गाळायला तरी माझं नाव घेतलं असतंत ना घरात कुणी!"

हे पुतण्याच्या मनाला फार लागलं. धाकट्या मुलीच्या लग्नात त्यानं छापखान्यात स्वतः बसून मुद्रितं तपासली. पत्रिकेला एक घडी वाढवली, पण आत्यांचं नाव निमंत्रकांत सगळ्यांत वर, जाड टायपात, 'सौ.'सकट घातलं आणि पहिली पत्रिका घेऊन त्यांच्याकडे गेला. आत्यांनी चष्मा लावला. पत्रिका जवळ धरून पाहिली, लांब धरून पाहिली. मग पत्रिकेची घडी घातली, ती उशीखाली सारली, आणि तो जिना उतरल्याची खात्री करून मला जवळ बोलावून हळूच म्हणाल्या, "पहिलंच नाव घातलंय माझं. यात काहीतरी डाव आहे."